मार्तां प्रोव्होचे सिनेमे: काय विकत घ्यावं, काय नुसतं बघावं, काय राहिलं तरी चालेल

आधीच निकाल सांगून टाकतो, म्हणजे ज्यांना घाई आहे त्यांचं काम होईल. 'सेराफीन' विकत घ्या, एकदा बघून भागत नाही, परत बघावासा वाटतोच. 'व्हिओलेत' जिथे मिळेल तिथे बघा, फक्त दमून आलेल्या रात्री नको. 'द मिडवाइफ' घरच्या सगळ्यांसोबत बघायचा. चित्रकार बोनारवरचा सिनेमा एकदा जरूर बघा, पण त्याआधी बोनारची चित्रं नेटवर शोधून नजरेखालून घाला. आणि 'हाउ टू बी अ गुड वाइफ' राहिला तर राहू द्या. आता ज्यांना वेळ आहे त्यांच्यासाठी सविस्तर लिहितो, कारण मार्तां प्रोव्हो हा फ्रेंच डायरेक्टर मला मनापासून आवडतो आणि आपल्याकडे फ्रेंच सिनेमा बघणारे लोकसुद्धा त्याचं नाव फारसं घेत नाहीत, ते का ते मला खरंच कळत नाही.

मार्तां प्रोव्होचा जन्म 1957 चा, गाव ब्रेस्त, फ्रान्सच्या पार पश्चिम टोकाला समुद्रावर. सुरुवात केली नट म्हणून, तीही पॅरिसच्या कॉमेदी फ्रांसेझमध्ये, म्हणजे तिकडच्या सगळ्यात जुन्या आणि मानाच्या सरकारी नाटक कंपनीत. तिथे काही वर्षं काढून मग ते सोडलं आणि लिहायला आणि सिनेमे करायला लागला, कादंबऱ्यापण लिहिल्यात त्याने. पहिला सिनेमा 1997 चा, दुसरा 2003 चा, दोन्हींचा फार बोलबाला झाला नाही आणि ते मी या रिव्ह्यूमध्ये धरलेलेही नाहीत. त्याचं नाव झालं ते 2008 मध्ये 'सेराफीन' आला तेव्हा, म्हणजे माणूस पन्नाशी ओलांडलेला होता. पुढच्या वर्षी सेझार अवॉर्ड्समध्ये, म्हणजे फ्रान्सच्या सगळ्यात मोठ्या फिल्म अवॉर्ड्समध्ये, या सिनेमाला 9 नॉमिनेशन्स होती आणि त्यातले 7 अवॉर्ड्स घेऊन गेला. बेस्ट फिल्म, बेस्ट ॲक्ट्रेस, स्क्रीनप्ले, कॅमेरा, म्युझिक, कॉस्च्युम, सेट, सगळं. आणि सिनेमा कोणावर, तर एका मोलकरणीवर.

माझं या माणसाबद्दलचं म्हणणं एकच आहे आणि ते खाली परत परत येणार आहे. तो खऱ्या माणसांवर सिनेमे करतो पण त्याला त्यांच्या प्रसिद्धीत इंटरेस्ट नाही, त्यांच्या कामात आहे. हात काय करतायत, कुठल्या खोलीत करतायत, थंडीत करतायत का, पोटात काही आहे का, हे तो बघत बसतो. बहुतेक चरित्रपटांत लहानपण, मग अपमान, मग स्ट्रगल, मग भाषण आणि टाळ्या अशी गाडी ठरलेल्या स्टेशनांवर थांबत जाते. प्रोव्हो लहानपण सरळ गाळतो. सेराफीनची आई ती तान्ही असतानाच गेली, वडीलपण लवकर गेले, लहानपणी तिने गुरं राखली, मग वीसेक वर्षं एका कॉन्व्हेंटमध्ये घरकाम केलं, एवढा सगळा मसाला हाताशी असून सिनेमात यातलं काहीच दाखवत नाही. आपण तिला भेटतो तेव्हा ती पन्नाशीच्या आसपासची बाई आहे, जाड बूट, काळी टोपी, हातात टोपली, आणि भराभरा चालतेय. जिथे जिथे प्रोव्हो या कामाला धरून राहतो तिथे त्याचा सिनेमा जबरदस्त होतो आणि जिथे कामाचा हात सोडून नुसत्या नात्यागोत्याच्या गप्पांत शिरतो तिथे ढिला पडतो.

तर 'सेराफीन'. सेराफीन लुई, जन्म 1864, पॅरिसच्या उत्तरेला सांलीस नावाचं जुनं दगडी गल्ल्यांचं आणि कॅथेड्रलचं गाव आहे तिथे लोकांच्या घरी धुणी, भांडी, फरशा पुसणं असली कामं करायची. चित्रकला कोणाकडे शिकलेली नाही. देवदूताने मला चित्रं काढायला सांगितलं असं ती म्हणायची. रात्री काम संपल्यावर आपल्या भाड्याच्या खोलीत मेणबत्तीच्या उजेडात, स्तोत्रं म्हणत म्हणत जमिनीवर बसून चित्रं काढायची, पानं, फुलं, फळं. पहिल्या महायुद्धाच्या थोडं आधी विल्हेल्म ऊडे नावाचा जर्मन माणूस तिथे घर भाड्याने घेऊन राहायला येतो. हा ऊडे साधासुधा नाही, पिकासोची चित्रं त्याने अगदी सुरुवातीला घेतलेली, चित्रकार ऑन्री रूसोला पुढे आणण्यात त्याचा मोठा हात. त्याला कोणाच्या तरी घरी सफरचंदांचं एक छोटं चित्र दिसतं, चौकशी करतो तर कळतं की हे आपल्याच घरी साफसफाईला येणाऱ्या बाईने काढलंय.

इथे दुसऱ्या कोणी डायरेक्टरने व्हायोलिन वाजवली असती. प्रोव्हो काय करतो, तर त्याआधी अर्धा तास आपल्याला ते चित्र बनतं कसं ते दाखवून ठेवलेलं असतं. सेराफीनकडे रंग विकत घ्यायला पैसे नाहीत, जे आहेत त्यात एक तर कोळसा येईल नाहीतर पांढऱ्या रंगाचा डबा, आणि ती रंग घेते. बाकीचे रंग ती गोळा करते. खाटकाकडून मालकिणीसाठी मांस आणायला गेली की त्यातलं रक्त हळूच एका बाटलीत काढून घेते. चर्चमध्ये मेरीच्या मूर्तीसमोर दिवा असतो, त्यातलं तेल इकडेतिकडे बघून ओतून घेते, आणि वर मूर्तीकडे बघते ते असं की तुझी परवानगी आहे ना, चोरी वगैरे नाही ही. ओढ्यातून चिखल, शेवाळ, काठावरची झाडंझुडपं. मग खोलीत येऊन खलबत्त्यात कुटायचं, कालवायचं, बोटानेच लावायचं. या सगळ्यात एक शब्द बोलला जात नाही. कॅमेरा बहुतेक वेळ एका जागी स्थिर, माणूस फ्रेममध्ये येतो, काम करतो, निघून जातो. सिनेमा बघून झाल्यावर मी तिची खरी चित्रं मोठी करून बघितली तेव्हा तो लाल रंग मला वेगळाच दिसायला लागला, आणि एखाद्या चरित्रपटाने याच्यापेक्षा जास्त काय करायचं असतं?

योलांद मोरो या बेल्जियन नटीने हा रोल केलाय आणि ॲक्टिंग हा शब्दच इथे कमी पडतो. तिचं चालणं बघा, फरशी पुसताना ढोपरावर बसून पुढे सरकणं बघा, ओढ्यावर चादरी धुताना पाण्यातून काढून पिळणं बघा, ते शिकवून येत नाही. मी हा सिनेमा घरी आईसोबत बघितला, तिला इंग्लिश सबटायटल्स भराभर वाचता येत नाहीत म्हणून मी शेजारी बसून मराठीत सांगत होतो, थोड्या वेळाने तीच म्हणाली, आता गप्प बस रे, कळतंय सगळं. आणि खरंच कळत होतं, कारण यात गोष्ट पुढे जाते ती बोलण्यातून नाही, हातातून जाते.

ऊडेचं काम उलरिख टुकुर या जर्मन नटाने केलंय आणि त्यालाही प्रोव्होने देवमाणूस वगैरे केलेलं नाही, हे मला फार आवडलं. 1914 ला युद्ध सुरू होतं, ऊडे जर्मन, त्याला रातोरात पळावं लागतं, त्याचं सगळं कलेक्शन फ्रेंच सरकार जप्त करतं. सेराफीन परत फरशा पुसायला. तो पुन्हा त्या भागात राहायला येतो, शांतीई गावात, आणि 1927 मध्ये सांलीसच्या टाऊन हॉलमध्ये गावातल्या चित्रकारांचं प्रदर्शन लागतं तिथे तिची चित्रं परत त्याच्या समोर येतात. मधली इतकी वर्षं त्याने तिचा शोध घेतलेला नसतो. सिनेमा यावर त्याला शिव्या घालत नाही पण झाकूनही ठेवत नाही. मग पैसे यायला लागतात, मोठे कॅनव्हास येतात, जवळजवळ दोन मीटर उंचीचे, आणि ती झाडांची, पानांची, डोळ्यांसारख्या दिसणाऱ्या फळांची चित्रं काढते जी आज म्युझियममध्ये आहेत. हाती पैसा आल्यावर ती चांदीची भांडी घेते, घर बघते, लग्नाचा पांढरा ड्रेस शिवून घेते. तेवढ्यात जगात मंदी येते, 1930 नंतर ऊडेचे पैसे आटतात, आणि तिच्या चित्रांचं पॅरिसमधलं एक्झिबिशन का लांबलं ते तिला काही केल्या समजत नाही, कोणी नीट समजावूनही सांगत नाही. 1932 ला तिला मनोरुग्णालयात भरती केलं, तिथून ती परत आली नाही, 1942 मध्ये तिथेच गेली, युद्धाच्या दिवसांत, तिला सामूहिक कबरीत पुरलं.

लग्नाचा ड्रेस घालून ती गल्लीतून चालत जाते आणि एकेका दारासमोर आपली चांदीची भांडी ठेवत जाते तो सीन मी इथे जास्त सांगत नाही. फक्त एवढं सांगतो की त्यात एकही क्लोजअप रडका नाही आणि तरी घशात आवंढा येतो. मायकेल गालासोचं व्हायोलिनचं म्युझिक पण किती मोजकं वापरलंय, जिथे दुसऱ्यांनी वाजवलं असतं तिथे नुसता वारा ऐकू येतो आणि पानांची सळसळ.

तक्रार म्हणाल तर एकच, मधला युद्धाचा काळ फार पटकन उरकलाय. तेरा वर्षं एका कटमध्ये जातात आणि त्या वर्षांत सेराफीन नेमकी कशी जगली, कोणाकडे कामाला होती, चित्रं सुरूच होती का, हे मला बघायचं होतं. ऊडे गावात नसताना सिनेमाही गावात थांबत नाही हे मला खटकलं, कारण सिनेमा तिचा आहे, त्याचा नाही.

आता 'व्हिओलेत', 2013 चा. हा बघायच्या आधी एक गोष्ट माहीत असलेली बरी. लेखिका व्हिओलेत लदूक हिने सेराफीनवर एक लेख लिहिलेला होता, तो प्रोव्होच्या हातात आला 'सेराफीन'चं लिखाण चालू असताना, लदूकवर पुस्तक लिहिलेल्या रने द सेकाती या लेखकामार्फत, आणि तिथून त्याला लदूकचं वेड लागलं. म्हणजे एका बाईच्या सिनेमातून दुसऱ्या बाईचा सिनेमा निघाला. हेच सेकाती आणि प्रोव्होचा नेहमीचा जोडीदार मार्क आब्देलनूर असे तिघांनी मिळून ही स्क्रिप्ट लिहिलीय.

लदूक म्हणजे 1907 साली आरासला जन्मलेली, वडिलांनी नाव न दिलेली मुलगी, आणि हा सल तिच्या आयुष्यात आणि लिखाणात शेवटपर्यंत आहे. सिनेमा सुरू होतो दुसऱ्या महायुद्धात, नॉर्मंडीच्या एका खेड्यात, तिथे ती काळ्या बाजारात मांस आणि लोणी विकतेय, बॅगा भरभरून पॅरिसला नेतेय, पकडली गेली तर गेलीच. सोबत मोरीस साक्स नावाचा लेखक आहे, त्याच्यावर तिचं प्रेम आहे आणि त्याला बायकांमध्ये काडीचा रस नाही, तिच्या सततच्या रडगाण्याला वैतागून तो तिला म्हणतो की हे सगळं मला सांगत बसू नकोस, लिहून काढ. आणि ती लिहायला बसते. मग पॅरिस, आणि सिमोन द बोव्हुआर, प्रसिद्ध स्त्रीवादी लेखिका. व्हिओलेत तिच्या मागे मागे फिरते, कॅफेत बसून तिच्यावर नजर ठेवते, हिय्या करून हस्तलिखित तिच्या हातात देते. बोव्हुआर ते वाचते आणि पुढची वीस वर्षं या बाईच्या पाठीशी उभी राहते, पण मैत्रीण म्हणून नाही, प्रेम तर नाहीच, फक्त तुझं लिखाण चांगलं आहे म्हणून. दर महिन्याला तिला पैसे मिळतात, प्रकाशकाकडून येतात असं सांगितलेलं असतं, प्रत्यक्षात देणारी बोव्हुआर असते.

एमानुएल देव्होसने व्हिओलेत केलीय, नाकाला मेकअप करून, कारण लदूक स्वतःला कुरूप समजायची आणि त्यावर तिने पानंच्या पानं लिहिलीत. सांद्रीन किबेर्लां बोव्हुआर, ताठ मान, बांधलेले केस, आवाज कधी चढत नाही. दोघी समोरासमोर आल्या की एक जण मागतेय आणि दुसरी जेवढं देता येतं तेवढंच मोजून देतेय, आणि दोघीही आपापल्या जागी बरोबर आहेत. हे असं लिहिणं फार अवघड असतं बरं का. बोव्हुआर थंड आहे असं वाटता वाटता लक्षात येतं की हिच्याइतकं या बाईसाठी कोणीच केलेलं नाही.

पण हा सिनेमा सोपा नाही. दोन तासांच्या वर जातो, माणसांच्या नावांची चॅप्टर पाडलीत, मोरीस, सिमोन, जां, जाक, असं, आणि मध्ये एक पट्टा असा येतो की व्हिओलेत रडतेय, भांडतेय, दारं वाजवतेय, परत रडतेय, आणि आपणही जरा थकतो. मला वाटतं ते मुद्दाम आहे, हिच्यासोबत राहणं किती दमवणारं असेल ते आपल्यालाही कळावं म्हणून, पण मुद्दाम असलं तरी वीसेक मिनिटं कमी चालली असती. पहिलं पुस्तक 1946 ला गालिमारसारख्या मोठ्या प्रकाशनाकडून येतं, लेखक काम्यू तिथे जी मालिका काढायचा त्यात, आणि दुकानात कुठे दिसतच नाही. 1955 च्या कादंबरीचा सुरुवातीचा भाग, दोन मुलींच्या प्रेमाचा, प्रकाशक कापून टाकतात. ती मनाने खचते, दवाखान्यात शॉक ट्रीटमेंट होते.

आणि मग शेवटचा भाग, फोकों, दक्षिणेतलं डोंगरातलं खेडं. इथे सिनेमा परत कामावर येतो आणि एकदम श्वास घेतो. तोपर्यंत सगळं करड्या, निळसर, कोंदट खोल्यांत चाललेलं असतं, एक बल्ब, कोट घालून लिहिणारी बाई, नळाचं गार पाणी. इथे ऊन. ती बाहेर उघड्यावर बसून लिहितेय, वही, ऊन, दगड, झाडं, बस्स. 1964 ला आत्मचरित्र आलं, बोव्हुआरच्या प्रस्तावनेसह, आणि वयाच्या 57 व्या वर्षी बाईला यश मिळालं. पण प्रोव्हो यशाचा जल्लोष करत बसत नाही, त्याला ते लिहितानाचं ऊन महत्त्वाचं वाटतं, आणि मला वाटतं तिथेच तो मोठा डायरेक्टर ठरतो.

या दोन सिनेमांच्या मध्ये 2011 ला त्याने योलांद मोरोला घेऊनच अजून एक केला, आयरिश लेखक कीथ रिजवेच्या कादंबरीवरून, मारहाण करणाऱ्या नवऱ्याला संपवून घर सोडणाऱ्या बाईचा. चरित्रपट नाही पण मोरो आहे म्हणून बघावा, एवढंच म्हणेन.

'द मिडवाइफ', 2017, मूळ फ्रेंच नाव 'साज फाम'. हाही चरित्रपट नाही पण मी याला त्याच पंक्तीत बसवतो आणि कारण सांगतो. प्रोव्हो जन्मला तेव्हा त्याचा जीव जायची वेळ आली होती आणि एका सुईणीने स्वतःचं रक्त देऊन त्याला वाचवलं. मोठेपणी आईकडून त्याला हे कळलं, त्याने त्या बाईंचा शोध घेतला पण त्या गेलेल्या होत्या, मग त्याने हा सिनेमा त्यांना अर्पण केला. म्हणजे जिचं चरित्र त्याला लिहिता आलं नाही तिच्यासाठी त्याने एक काल्पनिक सुईण उभी केली असं म्हणा. काथरीन फ्रो ही क्लेअर नावाची सुईण आहे, तिचं छोटं प्रसूतिगृह बंद होतंय कारण तिथे पैसा सुटत नाही आणि मोठ्या चकाचक हॉस्पिटलमध्ये तिला जायचं नाही. यातल्या बाळंतपणाच्या सीनमध्ये खरी बाळंतपणं आहेत, फ्रोने आधी ट्रेनिंग घेतलं आणि स्वतःच्या हाताने बाळं घेतलीत, आणि ते शूट बेल्जियममध्ये केलं कारण फ्रान्समध्ये तीन महिन्यांखालच्या बाळांना शूटिंगला घेता येत नाही. हे वाचलेलं नसतं तरी मला कळलं असतं, कारण बाळ हातात घेतल्यावर तिचे खांदे जे खाली येतात ते खोटं करता येत नाही.

त्यात तिच्या दिवंगत वडिलांची जुनी प्रेयसी बेआत्रीस परत येते, म्हणजे काथरीन दनव्ह, दारू, सिगरेट, पत्ते, लालभडक स्टेक, आणि डोक्यात ट्यूमर. एक भाज्या पिकवणारी, दारू न पिणारी बाई आणि एक उधळी बाई, हे जरा ठरलेलंच वाटतं, पण दनव्ह जेव्हा जुन्या स्लाइड्स भिंतीवर बघते तेव्हा ती ठरलेली गोष्टच राहत नाही. हा सिनेमा आई, काकू, मावशी सगळ्यांसोबत बसून बघा, आणि घरात कोणी नर्स असेल तर नक्कीच.

'हाउ टू बी अ गुड वाइफ' 2020 चा. 1967-68 च्या काळात अल्सासमध्ये मुलींना आदर्श गृहिणी करायची शाळा, ज्युलिएत बिनोश मुख्याध्यापिका, योलांद मोरो परत आहे, नोएमी लव्होव्हस्की सिगरेट ओढणारी नन. फ्रान्समध्ये 11 मार्चला लागला आणि त्याच आठवड्यात कोविडमुळे थिएटर्स बंद झाली, बिचाऱ्याचं नशीब. कपडे सुंदर आहेत, मादलीन फोंतेनला त्यासाठी सेझार मिळालं, 'सेराफीन'चे कपडेही तिचेच होते. पण इथे प्रोव्हो घाईत आहे, सगळे मोठ्याने बोलतात, शेवटी गाणं बजावणं होतं, आणि तोच माणूस ज्याने फरशी पुसणाऱ्या बाईकडे इतक्या आदराने बघितलं तो इथे इस्त्री, स्वयंपाक, शिवणकाम यांना नुसतं विनोदाचं सामान करतो. मला ते लागलं. घरकाम लादलं जाणं वाईट, पण ते काम करणाऱ्या हातांमध्ये कसब असतं हे त्याला आधी माहीत होतं की.

शेवटचा म्हणजे बोनारवरचा, 2023 ला कान फेस्टिव्हलला दाखवला आणि फ्रान्समध्ये जानेवारी 2024 ला लागला. पिएर बोनार मोठा चित्रकार, पण सिनेमाच्या नावात पिएर आणि त्याची जोडीदार मार्त दोघं आहेत आणि प्रोव्होला अर्थातच मार्तमध्ये जास्त इंटरेस्ट आहे. 1893 ला ते भेटले तेव्हा तिने नाव सांगितलं मार्त द मेलिन्यी, खानदानी घराण्यातली अनाथ वगैरे. खरं नाव मारिया बूर्सां, गरीब घरातली. बोनारला हे कळलं 1925 साली लग्नाच्या वेळी, म्हणजे तीस वर्षं सोबत राहून झाल्यावर! त्याच्या शेकडो चित्रांत ती आहे, आंघोळ करताना, टबमध्ये, टेबलाशी, आणि चित्रांत ती म्हातारी होतच नाही. मार्तच्या नातलगांपैकी एका बाईंनी 'सेराफीन' बघून प्रोव्होला गाठलं की आमच्या मार्तवरही कोणीतरी सिनेमा करायला हवा.

सेसिल द फ्रांस मार्त आहे, व्हँसां माकेन बोनार. पहिला अर्धा भाग मला खूप आवडला, सेन नदीच्या काठावरचं घर, सकाळी नदीत उड्या, चित्रकार मोने नावेतून येतोय, आणि बोनार चित्र काढतोय ते कसं तर कॅनव्हास भिंतीला ठोकून, मागे जाऊन बघून, परत येऊन एक ठिपका. उन्हाचा जो पिवळा रंग कॅमेऱ्यात आलाय तो चित्रांशी जुळतो. पण मग रने नावाची तरुण मुलगी येते, बोनार तिच्यासोबत रोमला जातो, आणि सिनेमा तिघांच्या भानगडीत अडकून पडतो. ती भानगड खरीच आहे, बोनारने मार्तशी लग्न केल्यावर थोड्याच दिवसांत रनेने आत्महत्या केली, ते टाळता येण्यासारखं नव्हतं हे मान्य. पण याच वर्षांत मार्त स्वतः चित्रं काढायला लागली होती, सोलांज हे नाव लावून, आणि 1924 ला पॅरिसच्या द्रुए गॅलरीत तिचं प्रदर्शन पण झालं. ही प्रोव्होच्या हक्काची गोष्ट होती, उशिरा ब्रश हातात घेणारी, न शिकलेली बाई! आणि त्याने तिला जेमतेम काही मिनिटं दिलीत, पेस्टल्स दिसतात, ती खूश दिसते, पुढे चला. मला तिथे थांबायचं होतं. सेराफीनला त्याने चिखल कालवायला जेवढा वेळ दिला तेवढा मार्तला का दिला नाही? म्हातारपणाचा मेकअपही जरा जाड झालाय. तरी शेवटी दक्षिणेतल्या ल कानेच्या घरातले सीन मनात राहतात, आणि मार्त 1942 मध्ये गेल्यावरही बोनार तिचं टबमधलं चित्र पुढे काही वर्षं पूर्ण करत होता हे वाचलं की ते सीन अजून आत जातात. सेराफीन गेली तेही 1942 च.

आता घेण्याबद्दल. डिस्क जगाच्या कुठल्या भागातल्या प्लेअरवर चालेल त्याचा रीजन कोड असतो. फ्रान्समधून मागवलेल्या डीव्हीडी रीजन 2 च्या असतात, आपल्याकडचा रीजन 5, ब्लू-रे तिकडचा बी आणि आपला सी, त्यामुळे मल्टी-रीजन प्लेअर नसेल तर डिस्क घेऊन काही उपयोग नाही. त्याहून महत्त्वाचं म्हणजे सबटायटल्स. फ्रेंच एडिशनमध्ये बऱ्याचदा फक्त कर्णबधिरांसाठीची फ्रेंच सबटायटल्स असतात, मी एका ऑनलाइन विक्रेत्याकडून घेतलेल्या डिस्कच्या माहितीत इंग्लिश लिहिलेलं होतं आणि आत नव्हतं, पैसे परत मिळायला बरीच पत्रापत्री करावी लागली. त्यामुळे ब्रिटन किंवा अमेरिकेची एडिशन घ्या आणि कव्हरच्या मागच्या बाजूचा फोटो मागून घ्या, नुसत्या लिस्टिंगवर जाऊ नका. ऑनलाइन हे सिनेमे येतात आणि जातात, आज आहे ते पुढच्या महिन्यात असेलच असं नाही, म्हणून 'सेराफीन' तरी स्वतःकडे असावा असं मी म्हणतोय. फ्रेंच शिकणाऱ्यांनी 'द मिडवाइफ' आधी घ्यावा, त्यातली बोली आजची आहे, 'व्हिओलेत'मधलं बोलणं जड जातं.

आणि कोणी पॅरिसला जाणारच असाल तर एक दिवस सांलीससाठी काढा. गावाला आता पॅसेंजर ट्रेन जात नाही, पॅरिसहून शांतीईपर्यंत ट्रेन आणि तिथून बस. कॅथेड्रलच्या शेजारी बिशपच्या जुन्या वाड्यात म्युझियम आहे, तिथे सेराफीनची चित्रं आहेत. जायच्या आधी म्युझियमचे वार आणि वेळा बघून घ्या, आणि चित्रांसमोर गेलात की फोटो काढायच्या आधी जरा जवळ जाऊन त्या रंगाचा थर बघा.